घर केवढ्याला पडलं? ईएमआयच्या पलीकडचा खरा हिशोब

वास्तुशांतीला गेलं की पेढा हातात पडायच्या आत एक प्रश्न हमखास येतो, "केवढ्याला पडलं?" यजमानही न अडखळता सांगतात, "साडेबासष्ट लाखांना." पाहुणे मान डोलावतात, कुणी म्हणतं स्वस्तात मिळालं, कुणी म्हणतं भाव फारच वाढलेत, आणि विषय पंगतीकडे वळतो.

पण तो आकडा असतो बिल्डरला दिलेल्या किमतीचा. ते घर त्या कुटुंबाला शेवटी केवढ्याला पडणार आहे, हे त्या दिवशी घरातल्या कुणालाच माहीत नसतं. अनेकदा कर्ज घेणाऱ्यालाही नसतं.

दुसरा एक आकडा मात्र घरात सगळ्यांना पाठ असतो. तो म्हणजे ईएमआय. "त्रेचाळीस हजार जातात, पण जमतंय." दर महिन्याला खात्यातून किती जाणार, एवढंच ईएमआय सांगतो. किती वर्षं जाणार, एकूण किती जाणार, आणि त्यातले घराचे किती अन् व्याजाचे किती, हे तो सांगत नाही. गृहकर्जाची खरी किंमत नेमकी या न सांगितलेल्या भागात असते.

माझं शिक्षण इंग्रजी साहित्यातलं. आकड्यांशी माझी मैत्री जेमतेम. त्यामुळे या वेळचं गणित मुद्दाम एकाच उदाहरणावर बेतलं आहे. मोबाइलवरचा कॅल्क्युलेटर जवळ असू द्या, म्हणजे पुरे.

एक फ्लॅट, एक कर्ज

समजा, पुण्यात साडेबासष्ट लाखांचा तयार फ्लॅट घ्यायचा आहे. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० लाखांपर्यंतच्या गृहकर्जात बँक घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ९० टक्के रक्कम देऊ शकते. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात ८० टक्के आणि त्यावर ७५ टक्के. म्हणजे आपल्या फ्लॅटसाठी फार तर ५० लाख कर्ज मिळेल. उरलेले साडेबारा लाख खिशातून घालायचे.

आता ५० लाख रुपये, व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. ईएमआय येतो ४३,३९१ रुपये. हप्ते २४०. गुणाकार करा. एकूण परतफेड सुमारे १ कोटी ४ लाख १४ हजार. म्हणजे घेतले ५० लाख आणि व्याज भरलं ५४ लाखांहून अधिक. घराच्या कर्जापेक्षा व्याजच मोठं.

यात स्वतःचे साडेबारा लाख मिळवा. पुण्यात स्थानिक अधिभारासह ७ टक्के स्टॅम्प ड्युटी धरली, तर ती ४ लाख ३७ हजार ५०० होते. महाराष्ट्रात नोंदणी शुल्क १ टक्का, पण जास्तीत जास्त ३० हजार. सगळं मिळून बेरीज जाते १ कोटी २१ लाखांच्या वर. "केवढ्याला पडलं?" या प्रश्नाचं खरं उत्तर हे आहे. फर्निचर, लाइट फिटिंग, खिडक्यांच्या जाळ्या अजून यात धरलेल्याच नाहीत.

पहिल्या पाच वर्षांत पैसे जातात कुठे?

हा भाग सगळ्यात जास्त धक्का देणारा आहे, म्हणून जरा थांबून वाचा.

कर्जाचं व्याज दर महिन्याला शिल्लक रकमेवर लागतं. सुरुवातीला शिल्लक पूर्ण ५० लाख असते, त्यामुळे पहिल्या महिन्याचं व्याज होतं ३५,४१७ रुपये. ईएमआय ४३,३९१. म्हणजे पहिल्या हप्त्यातून मुद्दलात जमा होतात फक्त ७,९७४ रुपये.

पहिल्या वर्षभरात तुम्ही ५ लाख २० हजार रुपये भरता. कर्ज कमी होतं एक लाखाहूनही थोडं कमी.

पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले, तर एव्हाना खात्यातून २६ लाख रुपये गेलेले असतात. शिल्लक कर्ज मात्र ४४ लाख ६ हजार. २६ लाखांतले जेमतेम ६ लाख घराचे झाले, बाकी २० लाख व्याज.

यात बँक फसवत नाही, गणितच तसं आहे. हप्ता सारखा ठेवायचा तर सुरुवातीला व्याजाचा वाटा मोठा आणि शेवटी मुद्दलाचा मोठा असणारच. आपल्या उदाहरणात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळपास बारा वर्षं लागतात. निम्मं कर्ज फिटायला चौदाव्या वर्षाचा शेवट उजाडतो. वीस वर्षांचं कर्ज दहाव्या वर्षी निम्मं झालं असेल, असं बहुतेकांना वाटतं. तसं नसतं.

हे आधी माहीत असणं का महत्त्वाचं? कारण बदली, नवी नोकरी, आईवडिलांचं आजारपण, मुलांची शाळा अशा कारणांनी पाच-सात वर्षांत घर विकावं लागू शकतं. विक्रीच्या पैशातून आधी कर्ज फिटतं आणि मग आपल्या हातात काही येतं. तेव्हा "इतके हप्ते भरले, तरी एवढं शिल्लक कसं?" हा प्रश्न बँकेच्या काउंटरवर पडण्यापेक्षा आज घरी पडलेला बरा.

मुदत वाढली की काय होतं?

गृहकर्ज घेताना एक संवाद हमखास होतो. हप्ता बजेटच्या थोडा बाहेर जातोय, घरात चुळबुळ सुरू आहे. मग समोरचा माणूस अगदी आपलेपणाने म्हणतो, "काही काळजी करू नका, मुदत वाढवून देतो." हप्ता चार-पाच हजारांनी उतरतो. सगळ्यांना हायसं वाटतं.

ते हायसं वाटणं केवढ्याला पडतं, पाहा. कर्ज तेच ५० लाख, दर तोच ८.५ टक्के:

- १५ वर्षं: ईएमआय ४९,२३७ रुपये, एकूण व्याज सुमारे ३८ लाख ६३ हजार
- २० वर्षं: ईएमआय ४३,३९१ रुपये, एकूण व्याज सुमारे ५४ लाख १४ हजार
- २५ वर्षं: ईएमआय ४०,२६१ रुपये, एकूण व्याज सुमारे ७० लाख ७८ हजार
- ३० वर्षं: ईएमआय ३८,४४६ रुपये, एकूण व्याज सुमारे ८८ लाख ४० हजार

वीसची तीस वर्षं केली तर हप्ता कमी होतो साधारण पाच हजारांनी. व्याज वाढतं ३४ लाखांहून अधिक. उलट, वीसची पंधरा केली तर हप्ता वाढतो ५,८४६ रुपयांनी आणि व्याजाचे साडेपंधरा लाख वाचतात.

आणि ही वर्षं नुसती आकड्यातली नसतात, आपल्या वयातली असतात. पस्तिसाव्या वर्षी तीस वर्षांचं कर्ज घेतलं तर शेवटचा हप्ता पासष्टाव्या वर्षी. खासगी नोकरीत अठ्ठावन्न किंवा साठीला निवृत्ती आणि पेन्शन बहुतेकांना नाही. म्हणजे शेवटची पाच-सात वर्षं हप्ता भरायचा कुठून? पीएफमधून? मुलांच्या पगारातून? हा प्रश्न आज विचारला तर त्याला उत्तर शोधायला तीस वर्षं हाताशी आहेत. साठाव्या वर्षी पडला तर पर्याय फार थोडे उरतात.

म्हणून बँकेत "हप्ता किती बसेल?" एवढंच विचारू नका. "माझ्या वयाच्या कितव्या वर्षी हे संपेल आणि तोवर एकूण किती भरलेलं असेल?" हेही विचारा.

दर बदलला की गणित बदलतं

आपल्याकडची बहुतेक गृहकर्जं फ्लोटिंग म्हणजे बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना फ्लोटिंग दराची नवी गृहकर्जं रेपो दरासारख्या बाहेरच्या मापदंडाला जोडावी लागतात. म्हणजे रिझर्व्ह बँकेने रेपो दर हलवला की तुमचा व्याजदरही हलतो.

२०२० च्या मे महिन्यापासून २०२२ च्या मेपर्यंत रेपो दर ४ टक्के होता. अनेक बँका सात टक्क्यांच्या आत गृहकर्ज देत होत्या. मग मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात तो दर ६.५ टक्क्यांवर गेला. अडीच टक्क्यांची वाढ, तीही वर्षाच्या आत.

त्याचा घरावर काय परिणाम झाला असेल? समजा, २०२१ मध्ये एखाद्याने ६.७५ टक्क्यांनी ५० लाख घेतले, मुदत २० वर्षं. हप्ता ३८,०१८ रुपये. वर्षभराने शिल्लक सुमारे ४८ लाख ७८ हजार. आता सोपं जावं म्हणून दर एकदम ९.२५ टक्के झाला असं धरू. महिन्याचं नुसतं व्याज होतं ३७,५९८ रुपये. हप्ता तेवढाच ठेवला तर मुद्दलात जमा होतात फक्त ४२० रुपये! आधी जिथे साडेदहा हजार जमा होत होते, तिथे ४२०. या वेगाने उरलेलं कर्ज फिटायला आणखी ४९ वर्षं लागतील. ठरलेल्या १९ वर्षांतच फेडायचं तर हप्ता साडेसात हजारांनी वाढवून साधारण ४५,५०० करावा लागेल.

त्या काळात अनेकांचा हप्ता बदललाच नाही, म्हणून त्यांना वाटलं आपलं काही बिघडलं नाही. प्रत्यक्षात मुदत गुपचूप लांबत होती. हे लक्षात घेऊन रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी बँकांना सूचना दिल्या. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, हे ग्राहकाला निवडता आलं पाहिजे. बँकेच्या धोरणानुसार स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय द्यावा, असंही त्या सूचनांत तेव्हा म्हटलं होतं. तुमचं कर्ज सुरू असेल तर बँकेच्या ॲपवर जाऊन आत्ताच "शिल्लक मुदत" पाहा. किती हप्ते उरलेत? तुमच्या अंदाजाशी जुळतंय का?

दर उतरतानाही डोळे उघडे हवेत. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते डिसेंबर या काळात रेपो दर ६.५ वरून ५.२५ टक्क्यांवर आला. अशा वेळी "हप्ता कमी झाला" म्हणून आनंद होणं साहजिक आहे. पण शक्य असेल तर हप्ता तोच ठेवा. आपल्या ५० लाखांच्या कर्जाचा दर सुरुवातीलाच ८.५ चा ८ टक्के झाला आणि हप्ता ४३,३९१ च राहिला, तर कर्ज तब्बल २० महिने आधी संपतं.

हप्त्यात न दिसणारे खर्च

आता घरोघरी विसरले जाणारे खर्च पाहू.

*सरकारी कर:* स्टॅम्प ड्युटी राज्यागणिक बदलते. इंदूर, बडोदा, हैदराबाद, बेंगळुरू, जिथे घर घेताय तिथला दर आधी पाहा. काही ठिकाणी स्त्रियांना सवलत आहे. दिल्लीत स्त्रियांसाठीचा दर पुरुषांपेक्षा कमी आहे. महाराष्ट्रात राहतं घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतलं तर १ टक्का सूट मिळते. आपल्या उदाहरणात ते ६२,५०० रुपये होतात.

*जीएसटी:* पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या तयार घराला जीएसटी नाही. बांधकाम सुरू असलेल्या घराला ५ टक्के, आणि परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसत असेल तर १ टक्का.

*प्री-ईएमआय:* बांधकाम सुरू असताना बँक टप्प्याटप्प्याने पैसे देते आणि तोवर फक्त दिलेल्या रकमेचं व्याज घेते. यातून मुद्दल एक रुपयाही कमी होत नाही. ताबा दोन वर्षं लांबला तर दोन वर्षं भाडंही भरायचं आणि व्याजही.

*विमा:* कर्जासोबत अनेकदा विमा पुढे केला जातो. त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिसळला जातो आणि मग त्यावरही वीस वर्षं व्याज लागतं. कमावत्या माणसाचं विमा संरक्षण हवंच, यात वाद नाही. पण साधा टर्म इन्शुरन्स वेगळा घेतला तर किती पडतो, हे आधी ताडून पाहा.

*कायमचे खर्च:* सोसायटीचा मेंटेनन्स, मालमत्ता कर, रंग, गळती, लिफ्टची दुरुस्ती. भाडेकरू असताना यातलं बरंचसं घरमालक बघायचा. आता घरमालक आपणच.

आणि करसवलतीचं काय? "व्याजावर टॅक्स वाचतो" हे वाक्य आपण वर्षानुवर्षं ऐकत आलोय. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याजच ४ लाख २१ हजार आहे, म्हणजे निम्म्याहून अधिक व्याज वजावटीच्या बाहेर. आणि नव्या करप्रणालीत तर राहत्या घराच्या व्याजावर ही वजावट मिळतच नाही. टॅक्स वाचवण्यासाठी कर्ज मोठं घेणं किंवा लांबवणं म्हणजे तीस पैसे वाचवायला रुपया खर्च करण्यासारखं आहे.

मग घर घेऊच नये का?

असं मुळीच नाही. वरचे आकडे घाबरवण्यासाठी दिलेले नाहीत.

व्याज म्हणजे सगळंच वाया गेलेले पैसे नव्हेत. घर घेतलं नसतं तर त्या वीस वर्षांत भाडं भरावं लागलंच असतं, आणि भाडं दरवर्षी वाढतं. हप्ता मात्र दर सोडला तर तेवढाच राहतो. आज पगाराच्या चाळीस टक्के वाटणारा हप्ता पगार वाढत गेला तर पंधरा वर्षांनी बराच हलका वाटेल. अकरा महिन्यांनी करार संपतो म्हणून सामान बांधावं लागत नाही, मुलांची शाळा बदलत नाही, म्हाताऱ्या आईवडिलांना डॉक्टर नव्याने शोधावा लागत नाही. या गोष्टींची किंमत कॅल्क्युलेटरवर निघत नाही.

फक्त, किंमत माहीत असताना घेतलेलं घर आणि माहीत नसताना घेतलेलं घर यात फरक आहे. माहीत असेल तर माणूस कदाचित एक खोली कमी घेतो. किंवा एक-दोन वर्षं थांबून डाउन पेमेंट वाढवतो. किंवा तेच घर घेतो, पण कर्ज लवकर संपवायची योजना पहिल्या दिवसापासून आखतो.

कर्ज लवकर कसं संपवायचं?

व्यक्तीने घेतलेलं गृहकर्ज फ्लोटिंग दराचं असेल तर ते मुदतीआधी फेडलं म्हणून बँक दंड आकारू शकत नाही. (स्थिर दराच्या कर्जात अट वेगळी असू शकते, करारपत्र पाहा.) हा फार मोठा हक्क आहे आणि तो फार कमी लोक वापरतात.

वेळेचं महत्त्व पाहा. आपल्या कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख रुपये जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे ११ हप्ते नाहीसे होतात आणि सुमारे ३ लाख ८० हजारांचं व्याज वाचतं. तोच १ लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरला तर वाचतात सुमारे ५१ हजार. रक्कम तीच, चौदा वर्षांचा उशीर. बोनस, दिवाळीची भेट, गावच्या जमिनीचे आलेले पैसे, जे काही असेल ते सुरुवातीच्या वर्षांत कर्जात गेलं तर त्याचा उपयोग कितीतरी पट होतो.

एकरकमी लाख जमत नसतील तर दरवर्षी फक्त एक जादा हप्ता भरा. बारा महिन्यांत तेरा हप्ते. आपल्या उदाहरणात कर्ज सुमारे सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि साधारण १० लाखांचं व्याज वाचतं.

जास्तीचे पैसे भरताना बँकेला स्पष्ट सांगा, "हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा." हे लेखी द्या आणि नवं वेळापत्रक मागून घ्या.

पण दोन गोष्टी आधी. क्रेडिट कार्डाची थकबाकी किंवा वैयक्तिक कर्ज असेल तर ते आधी फेडा, कारण त्यांचा दर गृहकर्जापेक्षा बराच जास्त असतो. आणि किमान सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च भागेल एवढी रक्कम बाजूला हवी. सगळी बचत कर्जात ओतली आणि पुढच्या महिन्यात नोकरी गेली, तर बँक "मागे जास्त भरले होते ना" म्हणून हप्ता माफ करत नाही.

दर जुना झालाय का, तपासा

फ्लोटिंग दराचे दोन भाग असतात. एक मापदंड, उदाहरणार्थ रेपो दर, आणि दुसरा त्यावर बँकेने लावलेली वाढ. नव्या ग्राहकाला बँक कधी कधी कमी वाढ लावते आणि जुना ग्राहक जुन्याच वाढीवर हप्ते भरत राहतो. वर्षातून एकदा बँकेच्या वेबसाइटवर नव्या ग्राहकांचा दर पाहा. अर्धा टक्का फरक दिसला तरी बोला. ५० लाख आणि २० वर्षांच्या कर्जात ८.५ आणि ८ टक्के यांतला फरक पावणेचार लाखांहून अधिक असतो. थोडं शुल्क भरून तीच बँक दर कमी करून देऊ शकते. नाहीच केला तर कर्ज दुसऱ्या बँकेत नेता येतं, फक्त तिथली प्रोसेसिंग फी आणि कागदपत्रांचा खर्च वजा करून फायदा उरतो का ते पाहा.

सही करण्याआधी

ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाआधी बँकेने ग्राहकाला मुख्य माहितीपत्रक देणं बंधनकारक आहे. त्यात व्याजासोबत फी आणि इतर शुल्कं धरून वर्षाचा खरा दर लिहिलेला असतो, आणि परतफेडीचं वेळापत्रकही असतं. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतल्या दरांची करू नका, या पत्रकातल्या दरांची करा.

एक गोष्ट विशेष करून घरातल्या बायकांसाठी. "तुझंही नाव कर्जात घालू, जास्त लोन मिळेल" असं म्हटलं जातं तेव्हा एक प्रश्न जरूर विचारा, "घराच्या करारातही माझं नाव आहे ना?" सहकर्जदार असणं आणि सहमालक असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सहकर्जदार म्हणून सही केली की हप्ते थकल्यावर बँक तुमच्याकडेही पूर्ण रक्कम मागू शकते, आणि सिबिलचा स्कोअर तुमचाही घसरतो. करारात नाव नसेल तर जबाबदारी तुमची आणि घर दुसऱ्याचं, अशी स्थिती होते. यात अविश्वासाचं काही नाही. हिशोब सगळ्यांसमोर असला की भांडणं कमी होतात.

कर्ज पूर्ण फिटल्यावरही एक काम उरतं. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार घराची मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेकडून उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. ती कागदपत्रं घरी आणा, कर्ज संपल्याचा दाखला घ्या आणि सिबिलमध्ये कर्ज बंद दिसतंय ना, तेही पाहा.

या रविवारी चहा घेताना घरातल्या सगळ्यांनी मिळून एक काम करा. कर्ज घ्यायचं असेल किंवा सुरू असेल, कागदावर तीन ओळी लिहा. आजपासून एकूण किती रुपये भरायचे आहेत? त्यातलं व्याज किती? शेवटचा हप्ता जाईल तेव्हा आपलं वय किती असेल?

तिसऱ्या ओळीवर घरात चर्चा झाली नाही, असं सहसा होत नाही. ती होऊ द्या. आईबाबांनाही बोलवा, कॉलेजात जाणाऱ्या मुलालाही. घर सगळ्यांचं आहे, तर त्याचा हिशोबही सगळ्यांना कळायला हवा. आणि त्या चर्चेतून "दरवर्षी एक हप्ता जास्त भरू" एवढं जरी ठरलं, तरी त्या अर्ध्या तासात तुमच्या कुटुंबाने काही लाख रुपये वाचवले असतील.